परतण्याचा तुकडा

रंगून, १४ जुलै १९२५

भंते,

आधी 'अको' लिहिलं, मग खोडलं, मग कागदच बदलला. लग्नाच्या दिवसापासून तुम्हाला अको म्हणूनच हाक मारत आले. पण सासूबाई म्हणतात, बायकोने भिक्षूला त्या नावाने पत्र लिहिणं बरं दिसत नाही. 'बायकोने' म्हणाल्या आणि त्यांनीच जीभ चावली. म्हणजे मी आता तुमची नेमकी कोण, हे त्यांनाही ठाऊक नाही.

तुमच्या हाताखालचा फो मिन तुमचा निरोप घेऊन आला. कॅमेरा, तिवई, आरसे, सगळ्या पेट्या घेऊन आला आणि दारात उभा राहून स्वतःच्या वहाणांकडेच बघत राहिला. मला वाटलं, कॅमेरा नदीत पडला. म्हटलं, सांग बाबा, काय फुटलं ते. तर म्हणतो, "अमा, काही फुटलं नाही. को ठा दिन वर्षावासाचे तीन महिने विहारातच राहून येतो म्हणाले."

मी हसले हो. वेड्यासारखी हसले. मग आत जाऊन तांदूळ निवडायला बसले, कारण दुसरं काय करायचं ते सुचेना.

आठवड्याचं ठरलं होतं. तुम्हाला आठवण करून देते, कारण सगाइंगच्या टेकडीवर, तुमच्या त्या विहारात, म्हणे माणसाला जुनं काही आठवत नाही. मागच्या चित्रात भिक्षूचं काम करणाऱ्या नटाला तुम्ही निळं कापड नेसवलं होतं. पिवळा रंग फिल्मवर काळा पडतो आणि निळा उजळून दिसतो, हे साऱ्या रंगूनला तुम्हीच शिकवलंत. शिवाय निळं कापड म्हणजे चीवर नव्हे, त्यामुळे कोणाच्या डोक्यावर पाप नाही. लोकांनी पाहिलं, रडले, घरी गेले. पण या नव्या 'तराफेवाला'मध्ये भिक्षू तुम्हीच होणार होता आणि तुम्हाला सगळं खरं हवं होतं. खरा विहार, खरा वस्तरा, विहाराचे प्रमुख म्हणून खरे सयाडो. सयाडोंनी विहाराच्या दारातच स्पष्ट सांगितलं होतं, "इथे खोटी प्रव्रज्या होत नाही. चीवर अंगावर चढलं की ते खरंच असतं." तुम्ही हात जोडून म्हणालात, "मग खरीच द्या, भंते. आठवडाभराची."

आम्ही सगळे हसलो. कोणाला काय वाटणार? आपल्यात कोणता पुरुष चार दिवस चीवर घालून परत येत नाही? माझा भाऊ तर परीक्षेत नापास झाला की घालतो.

निळ्या कापडात उरकलं असतं, तर तुम्ही आज घरी असता.

फिल्म धुऊन, वाळवून, जोडून झाली. फो मिन म्हणतो, काही कमी नाही. खरंच नाही. डोकं भादरायच्या आधी तराफेवाल्याचं घरी परतणं घ्यायलाच हवं होतं, नाहीतर तुमचे केस वाढेपर्यंत सगळ्यांना बसून राहावं लागलं असतं. म्हणून तुम्ही मे महिन्यात आपल्याच अंगणात आधी परतलात आणि जूनमध्ये भिक्षू झालात. पडद्यावर ते सुलट दिसेल. आपल्या घरात मात्र ज्या क्रमाने घेतलं त्याच क्रमाने घडलं.

चित्र लावू की तुमची वाट पाहू, तेवढं कळवा. आपली लेक खिन ले बरी आहे. तिचा पुढचा दात पडला, बोलताना शिट्टी वाजते.

सो न्युं

रंगून, ३० ऑगस्ट १९२५

भंते,

तुमचं उत्तर आलं नाही, म्हणून चित्र लावलं. कंपनी चालवायची की दाराला कुलूप घालायचं, हे कोणीतरी ठरवायला हवं होतं. ते मी ठरवलं.

मासिकवाले को थेट शे आठवतात ना? आपल्या पहिल्या चित्राला 'चादरीवरचा खेळ' म्हणून नाक मुरडलं होतं, तेच. ते आता तुमचं चरित्र लिहितायत. मोठं पुस्तक. 'ब्रह्मदेशाला स्वतःचं तोंड पडद्यावर दाखवणारा माणूस', असं पहिलं वाक्य मला वाचूनही दाखवलं. रोज दुपारी येतात, चटईवर ऐसपैस बसतात, मुरवलेल्या चहापानांची ताटली एकटेच फस्त करतात आणि विचारत राहतात.

मी भरपूर सांगितलं. पेगूला तुम्ही बत्त्यांच्या दुकानात काचा पुसायचात ते सांगितलं. हत्तींची चित्रं घ्यायला आलेला तो परदेशी तापाने हैराण होऊन मायदेशी पळाला आणि जाताना त्याचा कॅमेरा तुम्हाला विकून गेला, ते सांगितलं. त्यासोबतचं माहितीपुस्तक कोणत्या भाषेत होतं हे अजून कोणाला कळलेलं नाही, हेही सांगितलं. पहिली फिल्म उलटी चढवलीत आणि अख्खा बाजार मागे मागे चालत गेला, कोळणीच्या हातातली मासळी उडी मारून पाटीत परत पडली, आणि शेजारपाजारचे ओरडले की असंच पुन्हा दाखवा. को थेट शे त्यावर इतके हसले की त्यांना ठसका लागला.

मग मर्तबानच्या रांजणांचं सांगितलं. माझ्या लोणच्याचे रांजण तुम्ही फिल्म धुवायला पळवलेत आणि वर मलाच विचारलंत, रांजणांना आंबट वास का येतो म्हणून. उन्हाळ्यात फिल्मवरचा थर वितळून ओघळायचा, म्हणून बर्फाच्या लाद्या यायच्या. त्यांच्याभोवती गल्लीतली सगळी पोरं बसायची. तुम्ही ओरडायचात, पण तुकडे फोडून वाटायचातही तुम्हीच.

शेवटी त्यांनी विचारलं, "मुलगा होता ना तुम्हाला?"

होता, म्हटलं. तापाने गेला, म्हटलं. मॉं क्यॉची अंत्ययात्रा निघाली तेव्हा तुम्ही तिच्यापुढे कॅमेरा लावून दांडा फिरवत होता, तिवई उचलून पुन्हा पुढे पळत होता, पुन्हा फिरवत होता, हे मी सांगितलं नाही. तुमचे काका भर रस्त्यात म्हणाले, हा बाप आहे की तमासगीर, तेही नाही. घरी आल्यावर मी विचारलं होतं, का केलंत असं. तुम्ही म्हणालात, "हात रिकामे असते तर मी तिथेच पडलो असतो." ती फिल्म तुम्ही कधी धुतली नाहीत. मीही कधी विचारलं नाही. को थेट शेंच्या चरित्रात ते येणार नाही, निदान माझ्या तोंडून तरी नाही. मला कधी कधी वाटतं, तुम्ही त्या दिवशीच घरातून निघाला होता. वाटेत फक्त चार चित्रं काढलीत.

आता 'तराफेवाला'बद्दल. पहिल्याच खेळाला पाय ठेवायला जागा नव्हती. तराफा फुटून तराफेवाल्याचा भाऊ बुडतो तिथे ढोलवाल्यांनी धमाल उडवली. मग प्रव्रज्या आली. चीवर पडद्यावर अगदी काळंकुट्ट दिसतं, तुम्ही म्हणाला होता तसंच. मला भीती वाटली की लोक हसतील. पण कोणीतरी पुढच्या बाकावर वहाणा काढल्या. मग त्याच्या शेजारच्याने काढल्या. मग बाकांवरून उतरून सगळे खाली गुडघ्यांवर बसले. ढोलवाल्यांचे हात आपोआप थांबले. निळ्या कापडापुढे असं कधी झालं नव्हतं. लोकांना कळतं. मीही वाकले. माझ्याच नवऱ्यापुढे, अंधारात, चारशे परक्यांबरोबर.

आणि मग तुम्ही घरी येता. केस वाढलेले, खांद्यावर पडशी. खिन ले अंगणातून धावत येते आणि तुम्ही तिला वर उडवता. ती माझ्या मांडीवर बसली होती. "ती मी आहे," असं ओरडून तिने सगळ्या थिएटरला सांगितलं. लोक हसत होते आणि डोळे पुसत होते.

दर शनिवारी तिला जायचं असतं. वाटेत विचारते, "फेफे आज पण येणार ना?" मी हो म्हणते. शाळेत ती मैत्रिणींना सांगते, आमचे फेफे शनिवारी घरी येतात.

सो न्युं

रंगून, १९ ऑक्टोबर १९२५

भंते,

शेवटी तुमचं पत्र आलं. 'दायिका सो न्युं यांस.'

मी ते दोनदा वाचलं. भात वाढणाऱ्या प्रत्येक बाईला भिक्षू दायिकाच म्हणतात, मला माहीत आहे. कोपऱ्यावर मोहिंगाचे वाडगे विकणारी बाईसुद्धा तुमची दायिका. पण तिने तुमची लुंगी कधी धुतलेली नाही.

तुम्ही लिहिता, रंगूनहून येणारे यात्रेकरू तुम्हाला ओळखतात आणि विचारतात, घरी कधी जाणार. दोन पोरांनी म्हणे पैजही लावली, एकाची बोली या महिन्याची, दुसऱ्याची नववर्षाची. सयाडोंना वाटतं, त्यामुळे चीवराची थट्टा होतेय. म्हणून घरी परतण्याचा शेवटचा तुकडा कापून टाकावा आणि भिक्षू पाठमोरा चालत जातो तिथेच चित्र संपावं. आणि शेवटी लिहिता, 'अनुमती देऊन आपण मोठं पुण्य जोडलंत.'

कोणती अनुमती?

नवऱ्याला जाऊ देतेस का, असं सयाडोंनी मला सर्वांसमोर विचारलं, हे खरं. फो मिन दांडा फिरवत होता, हेही खरं. आणि मी मान हलवली. पण चित्रात मी तराफेवाल्याची बायको झाले होते, ती मान तिची होती. आदल्या दिवशी धर्मशाळेच्या ओसरीवर तुम्हीच मला शिकवलंत. आधी खाली बघ, मग त्याच्याकडे बघ, मग सावकाश मान हलव, घाई करू नकोस, लोकांना तुझ्या पापण्या दिसल्या पाहिजेत. मी तीच मान चार वेळा करून दाखवली आणि चौथ्यांदा तुम्ही म्हणालात, "हां, आता खरी वाटते." एवढं शिकवून घोटून घेतल्यावर तिला माझी अनुमती म्हणता?

तुकडा कापणार नाही. सयाडोंना माझं वंदन सांगा आणि हेही सांगा. कंपनी आता माझ्या ताब्यात आहे आणि कात्रीही. उभ्या ब्रह्मदेशात ती एकच जागा उरली आहे जिथे तुम्ही घरी येता. तीही मागता.

वर्षावास संपला. पौर्णिमेला सगळ्या गल्लीत दिवे लागले. मी आपल्या कठड्यावरही लावले आणि रस्त्याकडे तोंड करून बसले. का बसले ते मला विचारू नका. सासूबाई दोनदा जेवायला बोलावून गेल्या आणि तिसऱ्यांदा माझ्याशेजारी येऊन बसल्या. त्याही रस्त्याकडेच बघत होत्या.

वर्षावासानंतरच्या कठिन-चीवरदानाला मी खिन लेला घेऊन येतेय. फो मिन सोबत आहे. तुम्ही समोर दिसलात की काय ते बोलू.

सो न्युं

अमरापुरा, ३ नोव्हेंबर १९२५

भंते,

नदी ओलांडून नुकतेच इकडे आलोय. गाडी उद्या सकाळची. फो मिन धर्मशाळेत भाताचं बघतोय, खिन ले निजली आहे. तुमच्याशी बोलायला आले होते आणि एक शब्दही न बोलता परत चालले आहे, म्हणून लिहिते.

येताना सबंध वाट ती आनंदात होती. गालांवर थनाखाचा पिवळा लेप लावून घेतला, दोन्ही गालांवर पानाचा आकारच हवा म्हणून हट्ट केला. फो मिनला सांगत होती, "काका, कॅमेरा आणला नाही ना? मग फेफे मला पहिल्याच वेळी उचलतील."

मंडपात किती गर्दी होती तुम्ही पाहिलंतच. मी दानाचं ताट हातात घेऊन रांगेत होते. तिने तुम्हाला माझ्याआधी ओळखलं. मला तर क्षणभर ओळखूच आला नाहीत, इतके वाळला आहात. माझा हात सोडून ती धावली. आणि मी पाहत राहिले, कारण ती अगदी तशीच धावली. अंगणात धावली होती तशीच, तेवढ्याच अंतरावर दोन्ही हात वर केले, मान तशीच मागे टाकली.

तुम्ही उठून मागे सरलात आणि हातातला पंखा मधे धरलात.

तिला तो खेळ वाटला. हसत हसत ती दुसऱ्या बाजूने आली. तुम्ही पंखा त्या बाजूला फिरवलात. मंडपातल्या बायका हसायला लागल्या. कोणीतरी म्हणालं, अगं, ही तर चित्रातली मुलगी. तेव्हा कुठे ती थांबली. हात वरच होते. सयाडो मायेने म्हणाले, "बाळ, खाली बस." ती बसली नाही. माझ्याकडे बघत राहिली.

तुमचं काही चुकलं असं मी म्हणत नाही. भिक्षूने बाईमाणसाला हात लावायचा नाही, मग ती पोटची पोर का असेना. हे मला शाळेत जायच्या आधीपासून माहीत आहे. आणि ती थांबल्यावरही तुम्ही पंखा खाली घेतला नाहीत, तेही मी पाहिलं. दुसऱ्या कोणाच्या लक्षात आलं नसेल. मी तुमच्या हातांकडे वर्षानुवर्षं बघत आले आहे, दृश्य संपलं की दांडा सोडायला ते कधी विसरायचे नाहीत.

टेकडी उतरताना तिने माझा हात धरला. मग म्हणाली, "मेमे, मी चुकीचं धावले का?"

मी म्हटलं, नाही गं.

"त्या वेळी पण पहिल्यांदा चुकलं होतं," ती म्हणाली. "फेफे म्हणाले, पुन्हा. मग पुन्हा. मग बरोबर आलं, तेव्हा उचललं. मी वर जाऊन पुन्हा धावू का?"

मी रस्त्यातच खाली बसले. फो मिनने तोंड फिरवलं. तिला कोणत्या तोंडाने सांगू? फेफे घरी येतात, हे दर शनिवारी मीच तर तिला सांगत होते. तुम्ही नाही. तुम्ही तर तिला कधीच फसवलं नाहीत.

सो न्युं

रंगून, २२ जानेवारी १९२६

भंते,

तुकडा कापला.

हे सयाडोंसाठी केलेलं नाही, तुमच्यासाठीही नाही. तसं त्यांना वाटलं तर वाटू द्या, पण तुम्ही तरी समजून असा.

फो मिनने फार समजावलं. "अमा, लोक बाकं मोडतील. नवरा परत येत नाही असं चित्र कोण बघणार?" मी म्हटलं, मी बघणार. मग त्याने माझ्यासाठी दिवा जवळ ओढला. शिवणकामाच्या कात्रीने कापलं, कारण तुमची छोटी कात्री माझ्या बोटांत बसत नाही. कापण्याआधी पट्टी उजेडासमोर धरून पाहिली. नखाएवढे तुम्ही, नखाएवढी ती. कितीतरी चौकटींत ती जमिनीवर आहे, मग काहींत हवेत आहे, मग पुन्हा तुमच्या हातांत. हवेतल्या चौकटी फार थोड्या निघाल्या. पडद्यावर वाटायचं, केवढा वेळ ती वर आहे.

तुकडा ठेवला असता तर कधी ना कधी पुन्हा जोडला असता. मीच जोडला असता. म्हणून मागच्या अंगणात नेऊन जाळला. खिन लेला हाताशी घेऊन जाळला, तिच्यापासून काही लपवायचं नाही असं ठरवलं आहे. तिने विचारलं, "त्यात मी पण जळेन?" मी म्हटलं, तू इथे माझ्याजवळ उभी आहेस, तू कशाला जळशील? ती तरीही माझ्या मागे गेली आणि लुंगी धरून डोकावून बघत राहिली. फिल्म जळायला किती वेळ लागतो ते तुम्हाला माहीत आहे. मी काही बोलेपर्यंत ती संपलीसुद्धा.

पहिल्या शनिवारी लोक उठलेच नाहीत. भिक्षू पाठमोरा चालत गेला, दिवे लागले, तरी बसून राहिले. मग ओरडा सुरू झाला. एकाने वहाण भिरकावली. ढोलवाल्यांनी घाबरून काहीतरी वाजवायला सुरुवात केली. दोन म्हाताऱ्या मात्र दारात मला थांबवून म्हणाल्या, "बरं केलंस पोरी. आमचेही आले नव्हते." त्या कोण होत्या मला ठाऊक नाही. आता गर्दी निम्म्यावर आली आहे. चित्र उतरवावं लागेल. तराफ्यांची, नदीची आणि खऱ्या विहाराची जी चित्रं तुम्ही घेतलीत, ती या देशात अजून कोणी घेतलेली नाहीत, हे को थेट शे पुन्हा पुन्हा म्हणतात. ते खरंच आहे. मलाही त्याचा अभिमान आहे, तो मी लपवत नाही.

त्यांचं पुस्तक शेवटच्या प्रकरणाशी अडलं आहे. त्यांनी लिहून ठेवलं होतं, 'लवकरच को ठा दिन पुन्हा कॅमेऱ्यामागे उभे राहतील.' मी ते काढायला लावलं. ते म्हणाले, "मग चरित्र संपवू कसं? माणूस तर जिवंत आहे." मी म्हटलं, ज्या दिवशी वस्तरा लागला तिथे संपवा. त्यापुढचा माणूस चित्रं काढत नाही आणि मी त्याला ओळखत नाही, त्याचं चरित्र दुसऱ्या कोणाकडे मागा. त्यांनी लेखणी खाली ठेवली. त्या दिवशी ताटलीला हातसुद्धा लावला नाही.

सयाडोंनी मागे जे विचारलं होतं, त्याचं उत्तर आता देते. माझी अनुमती आहे. ही मान मला कोणी शिकवलेली नाही. मनापासून दिली असंही म्हणणार नाही. रडत दिली, रागाने दिली, पण दिली. आता परत मागणार नाही.

सो न्युं

रंगून, २६ एप्रिल १९२६

भंते,

नववर्षाच्या दानाला येऊन गेलो, ते तुम्ही पाहिलंत. बोलायची वेळ नव्हती आणि बोलण्यासारखं काही उरलंही नव्हतं. पण तुमच्या पाठीमागे जे झालं ते तुम्हाला कोणी सांगणार नाही, आणि तुम्ही विचारू शकत नाही. म्हणून लिहिते.

निघायच्या आधी मी तिला काही शिकवलं नाही. शपथेवर सांगते. शिकवायचं ठरवलं होतं, पण रोज उद्यावर ढकललं. ते सासूबाईंनी केलं असेल किंवा शाळेत बघून बघून तिचं तीच शिकली असेल. मंडपाच्या दाराशी तिने स्वतःहून वहाणा काढल्या आणि त्या नीट जोडून ठेवल्या. माझा हात सोडला, तेव्हा मी तिला धरायला वाकले. पण ती चालत गेली. कुठे थांबायचं ते तिला माहीत होतं. गुडघ्यांवर बसली, तळवे जमिनीला टेकले, कपाळ टेकलं. तीन वेळा. एकदाही चुकली नाही. तुम्ही आशीर्वादाचे शब्द म्हणत होता तेव्हा खाली बघत होती आणि संपल्यावर सगळ्यांबरोबर 'साधू, साधू' म्हणाली.

तुम्ही मधली एक ओळ दोनदा म्हणालात. मला वाटतं, ते फक्त माझ्याच लक्षात आलं.

बाहेर येऊन मी थांबले. आता रडेल, असं वाटलं. रडली असती तर मला बरं वाटलं असतं, तिला कुशीत घेता आलं असतं. ती वहाणा घालत होती. पायऱ्यांचा दगड एवढा तापला होता की पाय ठेववत नव्हता. अर्ध्या पायऱ्या उतरून झाल्यावर ती म्हणाली, "मेमे, भंते अनवाणी चालतात. त्यांचे पाय पोळत नसतील?"

भंते म्हणाली ती. तुमचीच काळजी करत होती, पण भंते म्हणाली. तिच्या तोंडून ते मी पहिल्यांदा ऐकलं आणि अगदी सहज ऐकलं, रस्त्यातल्या कोणाबद्दल बोलावं तसं. फेफे म्हण गं, असं ओठांवर आलं होतं. ते आता मला तिला कधीच सांगता येणार नाही. म्हटलं, पोळत असतील. मग तिचा हात धरून खाली उतरले.

सो न्युं